बंद दारापुढचा वाचक

ऑगस्ट २०२५ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयाने ‘साय-हब’ हे संकेतस्थळ भारतात बंद करण्याचा आदेश दिला आणि देशातील असंख्य संशोधक, प्राध्यापक व विद्यार्थी यांच्या रोजच्या वापरातील एक वाट बुजली. ती वाट राजरोस नव्हती, हे उघड आहे. शास्त्रीय नियतकालिकांत प्रसिद्ध झालेले आठ कोटींहून अधिक शोधनिबंध या संकेतस्थळावर फुकट मिळत आणि त्यांतील बहुतेकांचा स्वामित्वहक्क, म्हणजे कॉपीराइट, प्रकाशकांच्या हाती होता. ‘एल्सव्हिअर’, ‘वायली’ आणि ‘अमेरिकन केमिकल सोसायटी’ या तीन प्रकाशकांनी डिसेंबर २०२० मध्ये दिल्लीत दावा दाखल केला, तेव्हा नवे निबंध संकेतस्थळावर चढवले जाणार नाहीत, अशी हमी साय-हबच्या संस्थापक अलेक्झांड्रा एल्बाक्यान यांच्या वतीने देण्यात आली होती. ती हमी मोडली गेली, असा निष्कर्ष न्यायालयाने काढला आणि बंदी आली. न्यायालयाला दिलेला शब्द मोडणाऱ्यास न्यायालयानेच अभय द्यावे, अशी अपेक्षा कोणी शहाणा मनुष्य करणार नाही.

पण आदेश योग्य ठरला म्हणून प्रश्न सुटला, असे मानण्याचे कारण नाही. हमीच्या भंगाचा निर्णय लागला. ज्ञानावर हक्क कोणाचा व किती, हा मूळ वाद त्या आदेशाने मिटला नाही. त्या दारापुढे एवढी गर्दी का होती, हे विचारल्याशिवाय तो मिटणारही नाही. ‘सायन्स’ या अमेरिकी नियतकालिकाने २०१६ मध्ये साय-हबच्या वापराच्या नोंदी तपासल्या. सप्टेंबर २०१५ ते फेब्रुवारी २०१६ या सहा महिन्यांत तेथून सुमारे २ कोटी ८० लाख निबंध उतरवून घेतले गेले होते आणि त्यांपैकी सुमारे ३४ लाख भारतातून. चीनच्या खालोखाल भारताचा क्रमांक होता. ही माणसे चित्रपटगृहात चोरून कॅमेरा नेणाऱ्यांपैकी नव्हेत. प्रयोगशाळेत काम करणारी, पीएच.डी.चा प्रबंध लिहिणारी, रुग्णाच्या आजारावरील नवे औषध कोणते ते पाहणारी ही माणसे. इतरत्र कायदा पाळणारी इतकी माणसे एकाच ठिकाणी कायद्याबाहेर जातात, तेव्हा माणसांबरोबर त्या ठिकाणाचीही तपासणी करावी लागते.

शास्त्रीय प्रकाशनाचा व्यवसाय इतर कोणत्याही व्यवसायासारखा नाही. कादंबरीकाराला मानधन मिळते, निदान मिळावे अशी अपेक्षा असते. शोधनिबंध लिहिणाऱ्याला प्रकाशक एक पैसाही देत नाही. निबंध प्रसिद्ध करण्याजोगा आहे की नाही, हे ठरवणारे परीक्षकही बहुधा विनामोबदला काम करतात. संशोधनाचा खर्च सरकारने, म्हणजे करदात्यांनी, उचललेला असतो. संशोधकाचा पगारही पुष्कळदा त्याच तिजोरीतून निघतो. एवढे झाल्यावर निबंधाचा स्वामित्वहक्क प्रकाशकाच्या नावे होतो आणि ज्या विद्यापीठात ते संशोधन झाले, त्याच विद्यापीठाला तो वाचण्यासाठी वर्गणी भरावी लागते. ज्याच्याजवळ वर्गणी नाही, त्याला एकेका निबंधासाठी तीस-चाळीस डॉलर मागितले जातात. आपल्याच विहिरीवर आपणच पाणी विकत घ्यावे, अशातला हा प्रकार आहे.

प्रकाशकांची बाजू अगदीच पोकळ आहे, असे मात्र नव्हे. निबंधांची छाननी घडवून आणणे, त्यांचे संपादन, वर्षानुवर्षे ते सुरक्षित राखणे, चुकीचे वा खोटे संशोधन मागे घेणे, या कामांना खर्च येतो आणि तो कोणी तरी सोसायला हवा. साय-हब हे काम करीत नाही. दुसऱ्याने केलेल्या कामाच्या प्रती ते वाटते. विद्यापीठांच्या वर्गणीदार खात्यांतून निबंध बाहेर काढण्याची त्याची रीतही समर्थनीय नाही. अमेरिकेतील न्यायालयाने २०१७ मध्ये एल्सव्हिअरला दीड कोटी डॉलरची भरपाई मंजूर केली, ती याच कारणाने. परंतु २०२० मध्ये कोरोनाची साथ आली, तेव्हा त्या रोगाविषयीचे निबंध सर्वांना मोफत वाचू देण्याचे मोठमोठ्या प्रकाशकांनी स्वतःहून मान्य केले. त्यांची दुकाने त्यामुळे बंद पडली नाहीत. साथीत जे ज्ञान सर्वांचे असू शकते, ते क्षयरोग, सर्पदंश वा कपाशीवरील बोंडअळी यांच्या बाबतीत वर्गणीदारांपुरते का असावे, याचे समाधानकारक उत्तर अद्याप मिळालेले नाही.

येथे एक भेद स्पष्ट केला पाहिजे, कारण तो पुसण्यात दोन्हीकडच्या उत्साही मंडळींचा फायदा असतो. सर्व प्रती सारख्या नसतात. मराठी लेखकाचे नवे पुस्तक बाजारात येते आणि थोड्याच दिवसांत त्याची पीडीएफ प्रत व्हॉट्सअ‍ॅप व टेलिग्रामवरील गटांतून फिरू लागते, तेव्हा ती सरळ चोरी असते. मराठी पुस्तकाची आवृत्ती मुळातच लहान. तिच्यातील शे-दोनशे प्रती खपल्या नाहीत तरी प्रकाशकाचा पुढचा ग्रंथ अडतो. पुस्तक पाठवणारा सुशिक्षित असतो, वाचणारा सुशिक्षित असतो आणि दोघांनाही आपण वाङ्मयाची सेवा करीत आहो असे वाटत असते. ही सेवा लेखकाच्या पोटावर पाय देऊन चाललेली आहे. चित्रपटांचेही तसेच. सिनेमॅटोग्राफ कायद्यात २०२३ मध्ये दुरुस्ती होऊन चोरट्या चित्रीकरणाला व त्याच्या प्रसाराला किमान तीन महिने आणि कमाल तीन वर्षे कैद, किमान तीन लाख रुपये दंड आणि निर्मितिखर्चाच्या पाच टक्क्यांपर्यंत वाढू शकणारा दंड अशी तरतूद झाली. ती कडक आहे. पण जो धंदा शेकडो कामगारांच्या मजुरीवर उभा आहे, त्याला संरक्षण मिळू नये, असे कोण म्हणेल? करमणुकीवाचून अडलेला मनुष्य तिकिटाची वाट पाहू शकतो. वर्गात उद्या शिकवायचे आहे, अशा शिक्षकाची गोष्ट वेगळी आहे.

हा भेद नवा नाही. स्वामित्वहक्काच्या कायद्याच्या जन्मापासून तो त्यात आहे. इंग्लंडमध्ये १७१० मध्ये अमलात आलेला या विषयावरचा पहिला कायदा विद्येच्या उत्तेजनासाठी म्हणून करण्यात आला होता, पुस्तकविक्रेत्यांच्या उत्तेजनासाठी नव्हे. आज स्वामित्वहक्काबद्दल जगाला उपदेश करणाऱ्या अमेरिकेने १८९१ पर्यंत इंग्रज लेखकांच्या ग्रंथांना संरक्षणच दिले नव्हते. डिकन्सने १८४२ च्या अमेरिकावारीत तक्रार केली, तेव्हा तेथील वृत्तपत्रांनी त्यालाच लोभी ठरवले. आपला देश शिकत असताना पुस्तके स्वस्त असावीत, हे त्या देशाला चांगले कळत होते. १९६७ मध्ये स्टॉकहोम येथील परिषदेत भारताने विकसनशील देशांच्या वतीने नेमकी हीच मागणी मांडली, तेव्हा प्रगत देशांना मात्र ती रुचली नाही.

भारताच्या १९५७ च्या कायद्यातील बावन्नावे कलम याच विचाराने केलेले आहे. खासगी वापर, संशोधन, टीका व समीक्षा यांसाठी कृतीचा रास्त वापर आणि शिक्षक-विद्यार्थी यांनी अध्यापनाच्या ओघात केलेल्या प्रती यांना ते मोकळीक देते. ही मोकळीक म्हणजे प्रकाशकांनी दाखवलेली दया नव्हे. दिल्ली स्कूल ऑफ इकॉनॉमिक्सच्या आवारातील झेरॉक्सच्या एका लहान दुकानावर ऑक्सफर्ड, केंब्रिज आणि टेलर अँड फ्रान्सिस या प्रकाशकांनी २०१२ मध्ये दावा लावला, तेव्हा हे स्पष्ट झाले. अभ्यासक्रमात नेमलेली प्रकरणे एकत्र करून हे दुकान विद्यार्थ्यांना देत असे. स्वामित्वहक्क हा काही ईश्वरदत्त वा नैसर्गिक हक्क नाही, समाजाच्या बौद्धिक समृद्धीसाठी कायद्याने निर्माण केलेला तो हक्क आहे, असे सांगून न्यायमूर्ती राजीव सहाय एंडलॉ यांनी सप्टेंबर २०१६ मध्ये तो दावा फेटाळला. डिसेंबरमध्ये खंडपीठाने काही मुद्दे पुन्हा सुनावणीस पाठवले, पण शिक्षणाच्या मोकळिकीचे तत्त्व उचलून धरले. मार्च २०१७ मध्ये प्रकाशकांनी दावाच मागे घेतला.

कागदाच्या बाबतीत जी मोकळीक न्यायालयाने मान्य केली, ती संगणकाच्या पडद्यावर मात्र वाचकाच्या हातून निसटते, हीच आजची खरी अडचण आहे. झेरॉक्सच्या दुकानात विद्यार्थी काय नेतो, हे न्यायालय पाहू शकले. त्याची गरज काय, हेही ऐकू शकले. संकेतस्थळ बंद होते तेव्हा प्रकाशक न्यायालयात असतो, इंटरनेट पुरवणाऱ्या कंपन्या असतात, सरकारी खाते असते. वाचक तेथे सहसा नसतो. साय-हबच्या खटल्यात काही शास्त्रज्ञांनी स्वतःहून हस्तक्षेपाचे अर्ज केले, हा अपवाद. एरवी त्याची बाजू मांडली जात नाही आणि बंदीचा आदेश झाल्याचे त्याला कळते ते पान उघडेनासे झाल्यावर.

याचे परिणाम अनेकदा दिसले आहेत. २०१२ मध्ये मद्रास उच्च न्यायालयाने काही चित्रपटांच्या रक्षणासाठी दिलेल्या आदेशाचा अर्थ इंटरनेट कंपन्यांनी एवढा सैल लावला की, ‘व्हिमिओ’सारखी सर्वस्वी वैध संकेतस्थळेही बंद झाली; आदेश विशिष्ट पानांपुरता आहे, हे न्यायालयाला नंतर सांगावे लागले. २०१४ च्या विश्वचषक फुटबॉल स्पर्धेच्या वेळी दिल्लीत ४७२ संकेतस्थळांची यादी बंदीसाठी सादर झाली. ती पुढे २१९ वर आली. निम्म्याहून अधिक नावे गळू शकत होती, तर ती मुळात आली कशी? ऑगस्ट २०१७ मध्ये तर दोन हिंदी चित्रपटांसाठी झालेल्या आदेशांत अडीच हजारांहून अधिक संकेतस्थळांबरोबर ‘इंटरनेट आर्काइव्ह’ ही अमेरिकेतील विख्यात ग्रंथसंस्थाही काही दिवस भारतात बंद झाली. ‘डिजिटल लायब्ररी ऑफ इंडिया’ या उपक्रमात छायांकित झालेली हजारो जुनी भारतीय पुस्तके, त्यांत मराठीही, या संस्थेच्या संग्रहात आहेत. बाजारात न मिळणारे, स्वामित्वहक्काची मुदत केव्हाच संपलेले मराठी पुस्तक वाचू पाहणारा विद्यार्थी मुंबईतील एका चित्रपटाच्या धंद्यापायी दाराबाहेर उभा राहिला. सुक्याबरोबर ओले जळते म्हणतात, ते असे.

या बाबतीत मुंबई उच्च न्यायालयाने २०१६ मध्ये घालून दिलेला धडा विसरण्याजोगा नाही. ‘ढिशूम’ या चित्रपटाच्या निर्मात्यांनी मोठी यादी पुढे करून सरसकट बंदी मागितली, तेव्हा न्यायमूर्ती गौतम पटेल यांनी ती प्रथम नाकारली. संपूर्ण संकेतस्थळावर बेकायदा मजकुराखेरीज काहीच नाही, असे दाखवल्याशिवाय ते बंद करता येणार नाही. प्रत्येक दुवा तपासून, शपथेवर सांगून मागणी करा, असे त्यांनी बजावले. तपासणीनंतर नेमक्या १३४ दुव्यांपुरताच आदेश निघाला. बंद पानाच्या जागी, ते कोणत्या दाव्यात व का बंद झाले आणि कोणाला हरकत असल्यास त्याने कोठे जावे, हे लिहिले जावे, असेही त्यांनी सांगितले. पुढे २०१९ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयाने, बंद केलेले संकेतस्थळ नाव बदलून पुन्हा आले तर त्यालाही जुनाच आदेश लागू करण्याची सोय केली. चोर रोज नाव बदलत असेल तर अशी सोय अपरिहार्य आहे. पण सोय जितकी वेगवान, तितकी तपासणी काटेकोर हवी. मुंबईच्या आदेशातील नोटिशीची अट देशभर का लागू होऊ नये? न्यायालयाच्या खोलीत वाचकाला जागा नसेल, तर निदान बंद दारावर त्याच्यासाठी चार ओळी असाव्यात.

तरीही बंदी कितीही नेमकी केली तरी ती अर्धे उत्तर आहे; उरलेले अर्धे उत्तर राजरोस वाट देण्यात आहे. केंद्र सरकारने ते ओळखले, हे मान्य केले पाहिजे. नोव्हेंबर २०२४ मध्ये मंत्रिमंडळाने ‘वन नेशन, वन सबस्क्रिप्शन’ ही योजना मंजूर केली. २०२५ ते २०२७ या तीन वर्षांसाठी ६,००० कोटी रुपये, तीस प्रकाशकांची सुमारे १३,००० नियतकालिके, ६,३०० च्या वर शिक्षण व संशोधन संस्था आणि त्यांतील सुमारे १ कोटी ८० लाख विद्यार्थी, अध्यापक व संशोधक असा तिचा पसारा आहे. वर्षाला माणशी अकराशे रुपयांच्या आसपास हा खर्च पडतो. ज्या महाविद्यालयाला पूर्वी एका नियतकालिकाचीही वर्गणी झेपत नव्हती, त्याला आता हजारो उघडी झाली, ही लहान गोष्ट नाही.

पण ही वाट कोणाला खुली आहे? केंद्र व राज्य सरकारांच्या व्यवस्थापनाखालील संस्थांना. तालुक्याच्या गावी खासगी विनाअनुदानित महाविद्यालयात तुटपुंज्या वेतनावर शिकवणारा अध्यापक तीत नाही. जिल्ह्याच्या ठिकाणी दवाखाना चालवणारा डॉक्टर, माध्यमिक शाळेतील विज्ञानशिक्षक, वकील, पदवी घेऊन कारकुनी करीत रात्री अभ्यास करणारा तरुण, निवृत्त प्राध्यापक, यांपैकी कोणीही तीत नाही. नव्या विज्ञान-तंत्रज्ञान धोरणाचा मसुदा २०२० च्या अखेरीस जाहीर झाला, तेव्हा देशातील प्रत्येक नागरिकाला ही नियतकालिके वाचता यावीत, अशी कल्पना त्यात होती. राष्ट्र एक म्हणायचे आणि वाचक निवडून घ्यायचे, यातील विसंगती नावातच दिसते. आणि जे या योजनेबाहेर राहिले, नेमक्या त्यांचीच आडवाट २०२५ मध्ये बंद झाली.

यावर उपाय अवघड नाही आणि तो परदेशातून आणावा लागणारा नाही. सयाजीराव गायकवाडांनी १९१० मध्ये अमेरिकन ग्रंथपाल बोलावून बडोदे संस्थानात ग्रंथालयांचे जाळे उभे केले. रंगनाथनांनी १९३१ मध्ये ग्रंथालयशास्त्राचे पाच सिद्धांत मांडले. ग्रंथ उपयोगासाठी असतात आणि प्रत्येक वाचकाला त्याचा ग्रंथ मिळाला पाहिजे, हे त्यांचे सार. महाराष्ट्राने १९६७ मध्ये सार्वजनिक ग्रंथालयांचा कायदा केला आणि राज्यात हजारो शासनमान्य ग्रंथालये उभी राहिली. त्यांतील निदान जिल्हा ग्रंथालयांत या वर्गणीतील नियतकालिके वाचण्याची सोय झाली, तर गावातील कोणीही तेथे बसून निबंध वाचू शकेल. आता २०२७ नंतरच्या करारांची बोलणी होतील. तेव्हा सरकारने प्रकाशकांपुढे हीच अट प्रथम ठेवावी. सहा हजार कोटींचे गिऱ्हाईक अट घालू शकत नसेल, तर दुसरे कोण घालणार?

दुसरे काम आणखी सोपे आहे. सरकारी पैशातून झालेले संशोधन सर्वांसाठी खुल्या भांडारात ठेवावे, असे धोरण केंद्राच्या विज्ञान-तंत्रज्ञान व जैवतंत्रज्ञान विभागांनी डिसेंबर २०१४ मध्येच जाहीर केले. त्याला धाक हवा: निबंध भांडारात नाही, तर पुढचे अनुदान नाही. अमेरिकेच्या राष्ट्रीय आरोग्य संस्थेने १ जुलै २०२५ पासून, आपल्या अनुदानातून झालेले निबंध प्रसिद्ध होताच लोकांना मोफत मिळाले पाहिजेत, असा नियम लागू केला. आपल्याकडे पीएच.डी.चे लाखो प्रबंध ‘शोधगंगा’वर कोणालाही वाचता येतात, ते विद्यापीठ अनुदान आयोगाने सक्ती केली म्हणूनच. प्रबंधाच्या बाबतीत जे जमले, ते निबंधाच्या बाबतीत न जमण्याचे कारण नाही.

मराठीपुरते बोलायचे, तर महाराष्ट्राने या बाबतीत चांगला पायंडा पाडला आहे. मराठी विश्वकोशाचे खंड, राज्य साहित्य आणि संस्कृती मंडळाचे अनेक ग्रंथ आणि बालभारतीची पाठ्यपुस्तके इंटरनेटवर मोफत आहेत. साने गुरुजींच्या मृत्यूनंतरची साठ वर्षे २०१० च्या अखेरीस पूर्ण झाली आणि त्यांचे लेखन सर्वांचे झाले. मुदत संपलेल्या अशा लेखकांची शुद्ध संहिता एकत्र उपलब्ध करणे, तसेच ज्यांचे हक्कदार सापडत नाहीत अशा दुर्मिळ पुस्तकांसाठी कायद्याच्या कलम ३१-अ प्रमाणे सक्तीचा परवाना मागणे, ही कामे विद्यापीठे व साहित्यसंस्था यांनी हाती घ्यावीत. असे झाले तर हयात लेखकाच्या नव्या पुस्तकाची चोरटी प्रत पाठवणाऱ्याला ‘मिळतच नाही’ ही सबब उरणार नाही आणि मग त्याला बेधडक चोर म्हणता येईल.

लेखकाचे श्रम चोरीला जाऊ नयेत आणि वाचक ज्ञानाला मुकू नये, या दोन गोष्टी परस्परविरोधी आहेत असा समज दोन्ही बाजूंनी पसरवला जातो. कायद्याने त्या कधीच तशा मानल्या नाहीत. न्यायालयाचे काम बंदीपाशी संपते. सरकारचे तेथून सुरू होते. साय-हबचे दार बंद झाले, याबद्दल अश्रू ढाळण्याची गरज नाही. त्या दारापुढे जो वाचक उभा होता, त्याला जवळच्या ग्रंथालयाचे दार उघडे मिळते की नाही, यावर या बंदीचा न्याय ठरेल.